मालिकेतले धाकटे काका

काका कॅमेऱ्याकडे पाठ करूनही अभिनय करत. पाहुण्यांच्या घोळक्यात अगदी मागे उभं केलं, तरी त्यांच्या खांद्यांवरून कळायचं, की या माणसाला आताची बातमी झेपलेली नाही. नाशिकच्या तालमीत ते आम्हाला म्हणायचे, "मागच्याचा चेहरा कोणी बघत नाही. पण पाठ तर असते ना?"

सातपूरच्या कारखान्यातून निवृत्त होईपर्यंत रजा टाकून टाकून त्यांनी मुंबईत कामं केली. कधी डॉक्टर, कधी वकील, कधी नवरीचा मामा. मुख्य भूमिका एकही नाही. रंगमंचावर बोलायला मला त्यांनीच शिकवलं. पुढे मी मालिका लिहायला लागले आणि एका मालिकेत त्यांना नायिकेचे धाकटे काका केलं. त्यासाठी त्यांनी झुबकेदार मिशी वाढवली. भाजीबाजारात बायका थांबवून बोलू लागल्या. काका लय खूश होते.

वर्षभराने वाहिनीला पात्रं कमी करायची होती. मी मालिकेतल्या काकांना तीर्थयात्रेला पाठवलं. "परत कधी बोलावतेस?" त्यांनी फोनवर विचारलं. कधीच नाही, हे मला तेव्हाच ठाऊक होतं. मी म्हटलं, "बघते काका, कळवते."

त्याच सुमारास नाशिकच्या एका नाट्यसंस्थेने त्यांना मुख्य भूमिका देऊ केली. आयुष्यातली पहिली. फक्त मिशी काढावी लागणार होती. काकांनी नकार दिला. "माझी मालिका चालू आहे. मिशी गेली तर पोरीची पंचाईत होईल," असं ते दिग्दर्शकाला म्हणाल्याचं माझ्या कानावर आलं. तालमी सुरू व्हायला अजून अवकाश होता. माझा एक फोन पुरला असता. मी केला नाही. वाईट बातमी आपल्या तोंडून जायला नको, एवढाच माझा विचार.

पुढे मालिकेत लग्न आलं. मागच्या भिंतीवर हार घातलेला काकांचा फोटो होता. तो प्रसंग मीच लिहिला होता. काका आणि काकूंनी तो शेजारी शेजारी बसून पाहिला.

मग मी नाशिकला गेले. काकूंनी पाणी दिलं आणि आत निघून गेल्या. काकांनी मिशी काढली होती. नाटक दुसऱ्याला घेऊन उभं राहिलं होतं. मी बोलू लागले, तसा त्यांनी हात वर केला.

"अगं, पानंच्या पानं लिहितेस. 'आता येऊ नका' एवढी एक ओळ मला लिहायची होतीस. पाठ केली असती मी."

चहा झाला. ते दारापर्यंत आले. "जिना जपून उतर," म्हणाले. पुन्हा ये म्हणाले नाहीत.