नागपंचमीला रिकामी पेटी

कॅल्गरीतल्या आमच्या घराचं बेसमेंट आम्ही एका नागपूरकराला भाड्याने दिलं होतं. माणूस सज्जन, पण त्याच्याबरोबर काचेच्या पेटीत पाच फुटी रेनबो बोआही राहायला आला. अ‍ॅमेझॉनच्या जंगलातला साप. तांबूस अंगावर काळी वर्तुळं, आणि उजेड पडला की खवल्यांवर पाण्यात सांडलेल्या तेलासारखे रंग. दिवसभर निजायचा. आमची ओळख जिन्याच्या तिसऱ्या पायरीवरून, तेवढीच.

त्या श्रावणात नागपूरकर दोन दिवस एडमंटनला गेला. इथल्या कोरड्या हवेत सापाची कात नीट निघत नाही, म्हणून मी पेटीच्या जाळीतून पाणी फवारायचं होतं. पेटी उघडायची नाही, हे त्याने मला दोनदा सांगितलं होतं.

पण नागपंचमी आली आणि आई व्हिडिओ कॉलवर म्हणाली, "घरात साक्षात आहे आणि तू पाटावर चित्र काढून पूजा करणार?"

बायको कामावर गेल्यावर मी पेटीचं दार सरकवलं, दुधाची वाटी आत ठेवली, हळदकुंकू लांबूनच उडवलं. सापाने जीभ बाहेर काढली. पुढचं मला वरच्या पायरीपासून आठवतं.

पेटीचं दार लावलंच नाही, हे तासाभराने आठवलं. खाली जाऊन पाहिलं. वाटी भरलेली, पेटी रिकामी.

वर आमची दहा महिन्यांची मुलगी झोपली होती. आदल्या दिवशीच्या लशीमुळे तिला ताप होता. मी तिला उचललं, डायनिंग टेबलावर चढून उभा राहिलो आणि नागपूरकराला फोन लावला.

"काहून उघडली पेटी?"

"पूजा केली."

"पूजा," तो म्हणाला. "बरं, टेन्शन नका घेऊ भाऊ. विषारी नाही तो. विळखा घालते फक्त."

"फक्त?"

"ओठावर खळगे असतात त्याच्या, त्यानं ऊब समजते त्याले. अंधारात उंदीर, पाखरं तसेच धरते."

"मुलीला ताप आहे."

मग त्याने विचारलं, "किती किलोची आहे?"

मी मुलीला खांद्यावर आणखी वर घेतलं.

"गिळू नाही शकत," तो घाईने म्हणाला. "पण जवळ नका येऊ देऊ. मी निघतो, तीन तास लागन. तुम्ही ओल कुठं आहे ते पाहा. तो ओल शोधून राहिला असन."

मुलीला पाळण्यात ठेवलं, दार ओढून फटीत टॉवेल कोंबले आणि हातात लाटणं घेऊन खाली उतरलो. लाटण्याने नेमकं काय करणार होतो, ते विचारू नका.

जिन्याखालच्या आमच्या वॉशिंग मशीनशेजारी सकाळी धुतलेल्या दुपट्यांची झाकणाची टोपली अर्धवट उघडी होती. रोज मी ती न बघता उचलतो आणि थेट पाळण्याजवळ नेऊन वाळत घालायला रिकामी करतो. ओल्या दुपट्यांमध्ये तांबूस वेटोळं पडलं होतं, मधोमध डोकं टेकवून.

मी झाकण लावलं आणि त्यावर बसलो. खाली काहीतरी सावकाश सरकलं. वर मुलगी रडायला लागली. एरवी त्या आवाजाने मी धावत सुटतो. त्या दिवशी बायको जेवायच्या सुट्टीत घरी येईपर्यंत झाकणावरून हललो नाही, नुसता कान लावून बसलो. मुलगी जरा दमून थांबली की माझा श्वास अडकायचा, आणि पुन्हा टाहो फोडला की सुटायचा.