जवळची

मोरोक्कोतल्या आमच्या फेस शहराच्या जुन्या गल्लीत दार वाजलं की आतून विचारतात, "कोण?" बाहेरचा म्हणतो "जवळचा", बाई असेल तर "जवळची". नाव सांगतो तो फक्त वीजबिलवाला.

थोरल्या बाईला आम्ही मानाने लल्ला म्हणतो; गल्लीतल्या लल्ला बतूलची "जवळची" मला हुबेहूब जमते. आधी घसा खाकरायचा, मग 'ज'वर रेंगाळायचं, शेवट दम लागल्यासारखा सोडून द्यायचा. जलाब्याच्या, म्हणजे आमच्या लांब झग्याच्या, रेशमी गुंड्या वळण्यात तिचा जन्म गेला. सोबतीला भिंतीपलीकडची हनिया. ती हनिया मुलासोबत नव्या वस्तीत, पाचव्या मजल्यावर राहायला गेली.

बतूल बघरीर, म्हणजे जाळीदार धिरडी, भाजून, मधात बुडवून, बसने तिला भेटायला गेली आणि भरला डबा घेऊन परत आली. इमारतीच्या दाराशी म्हणे बटण दाबलं की बोलणारी एक डबी होती. डबीने विचारलं, कोण? ही म्हणाली, जवळची. डबी म्हणाली, कोण जवळची? ही म्हणाली, अगं, जवळची! डबी गप्प झाली.

मी म्हटलं, नाव सांगायचं ना.

"हनियाच्या दारात मी नाव सांगू? उद्या ओळखपत्र दाखव म्हणशील."

त्यानंतर तिच्या गुंड्या सैल पडायला लागल्या. हनियाच्या भिंतीकडे पाठ करून बसायची. हनियाने ऐकलं आणि आपल्याला दारात उभं ठेवलं, हेच तिच्या मनाने घेतलं होतं.

शुक्रवारी मी तिला ओढतच नेलं. बटण मी दाबलं. हनियाची सून इल्हाम नाकातून म्हणाली, "कोऽण?" मी माझं नाव, बापाचं नाव, गल्ली, सगळं पोलिसात दिल्यासारखं सांगितलं आणि हनियाखालाला बोलवा म्हटलं. आत धडपड झाली. कुठं बोलू, ह्या भोकात? असं पुटपुटणं आलं. मग गच्चीवरून हाक मारावी तसा आवाज:

"कोण?"

बतूलने घसा खाकरला. "जवळची."

डबीतून हनिया कडाडली:

"मेले, इतके दिवस होतीस कुठं?"

"तुझ्या दारात."

"मग लोट की दार!"

दार काही लोटेना. दार उघडायचं बटण हनियाला ठाऊक नव्हतं. तिने काहीतरी दाबलं नि जिन्यातला दिवा लागला. बतूल डबा मांडीवर घेऊन पायरीवर टेकली आणि डबीला गल्लीतल्या बातम्या सांगू लागली. डबी हसत होती, मध्येच नाक ओढत होती.

शेवटी इल्हामने येऊन बरोबर बटण दाबलं. दार खटकन उघडलं.

"थांब जरा," बतूल दाराला म्हणाली, "एवढं सांगून होऊ दे."