बूटसाहेबांचं नारा-दर्शन

भानुदास तायडे यांना मस्कतजवळच्या रुसैलच्या कारखान्यात कोणी भानुदास म्हणत नाही. तायडेही म्हणत नाही. सगळे बूटसाहेब म्हणतात.

कारखाना प्लास्टिकच्या पाइपांचा. तायडे तिथे क्वालिटीचे इंजिनिअर. सेफ्टीचं काम कोणीतरी एकदा तात्पुरतं म्हणून त्यांच्या गळ्यात घातलं आणि काढून घ्यायचं विसरलं. तेव्हापासून ते माणसाचे आधी पाय बघतात, मग तोंड. बूट नसले, नाडी सुटलेली असली, किंवा उकाड्याने हैराण होऊन कोणी पाय क्षणभर मोकळे केले, तर शिक्षा ठरलेली आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी गेटपाशी उभं राहून बुटांचे नियम सगळ्यांसमोर मोठ्यांदा वाचायचे. रडून उपयोग होत नाही. एकदा मॅनेजरलाही वाचायला लावले होते.

घरी तेच. ललिताबाई भाजी चिरतात तेव्हा पायांत बूट असतात, कारण सुरी हातातून पडू शकते.

"माहेरी मी शेतात अनवाणी जायचे," त्या आल्यागेल्याला सांगतात. "आता फ्लॅटमध्ये बूट घालून वांगी चिरते. केवढी प्रगती!"

तायडे मूळचे भुसावळचे. लहानपणी त्यांच्या घरात एक कॅलेंडर होतं. महिने केव्हाच फाडून झाले होते, वरचं चित्र तेवढं भिंतीवर राहिलं होतं. जपानमधल्या नारा गावची बुद्धाची प्रचंड मूर्ती. लग्न झालं त्याच वर्षी तायड्यांनी ललिताबाईंना शब्द दिला, की आपण दोघं तिथे जाऊ आणि जोडीने वंदना घेऊ. मग मुलं झाली. मग मस्कत झालं. मुलं शिकून बाहेर पडली. शब्द तसाच राहिला. ललिताबाईंनी कधी आठवण करून दिली नाही. तेच तायड्यांना जास्त लागायचं.

या वर्षी त्यांनी रजा मंजूर करून घेतली. बसभर माणसं आणि पुढे झेंडा घेतलेला गाइड, असली सहल नको होती. त्या गर्दीत वंदना कशी घेणार? त्यांनी दोघांपुरती स्वतंत्र गाइड ठरवली. हारुको नावाची बाई. पूर्ण दिवस. सकाळी शिंतो देवस्थान, दुपारी मोठं बुद्धमंदिर.

निघायच्या आठवड्यातच साहेबाने बोलावलं. इब्री गावच्या पाण्याच्या लाइनसाठी जायच्या पाइपांची तपासणी नेमकी त्याच दिवशी ठरली होती. तायड्यांशिवाय ती होणार नव्हती.

घरी येऊन त्यांनी मान खाली घालून सांगितलं.

"ठीक आहे," ललिताबाई म्हणाल्या. "मी जाते."

तायड्यांना वाटलं, माहेरी.

"जपानला," ललिताबाई म्हणाल्या.

इतक्या वर्षांत ही बाई मस्कतमध्ये कोपऱ्यावरच्या भाजीवाल्यापलीकडे एकटी गेली नव्हती. तायड्यांनी तिला जाऊच दिलं नव्हतं. पार्किंगमध्ये गाड्या मागे येतात म्हणून.

पुढचे दिवस घरात प्रशिक्षण चाललं. विमानात काय करायचं, हॉटेलात आगीचं दार कुठे असतं, लिफ्ट अडकली तर काय. शेवटी तायड्यांनी एक जाड कमरेचा पाउच आणला. त्यात पासपोर्ट, पासपोर्टच्या झेरॉक्स, झेरॉक्सच्या झेरॉक्स, गोळ्या, बँडेज, शिट्टी आणि चिवडा.

"हा काढायचा नाही. झोपतानासुद्धा."

"आणि अंघोळ?"

तायड्यांनी पाउचमध्ये एक प्लास्टिकची पिशवी टाकली.

"ललिता, वंदना मात्र आपण जोडीनेच घ्यायची," ते शेवटी म्हणाले. "तू तिथे, मी इथे. व्हिडिओवर."

आता व्हिडिओ कॉल म्हटला की मस्कतमध्ये एक चालतो तर दुसरा चालत नाही. भरवशाचा म्हणजे ऑफिसचा. त्यातही तायड्यांना एकच मीटिंग सुरू करता यायची. कारखान्याची, सकाळी आठची, रोजची. तीच लिंक त्यांनी ललिताबाईंच्या फोनवर पाठवली. त्यांचा हिशोब पक्का होता. नारा आपल्यापुढे पाच तास. ललिता मूर्तीपुढे पोचेल तेव्हा इथे सात वाजलेले असतील. लॅबमध्ये चिटपाखरू नसेल. वंदना आटपून आठला मीटिंग.

या हिशोबात हरणं धरलेली नव्हती.

त्या दिवशी तायडे उजाडायच्या आत लॅबमध्ये पोचले. फोन पाइपच्या एका तुकड्याला टेकवून उभा केला. पडद्यावर ललिताबाई आल्या. हसत होत्या. शेजारी टोपीवाली हारुको. तिने फोनसमोर कमरेतून वाकून नमस्कार केला. तायड्यांनीही वाकून केला आणि कपाळ पाइपवर आपटलं.

"अहो, इथे हरणं नमस्कार करतात!" ललिताबाई ओरडल्या. "आपण मान वाकवली की तीपण वाकवतात! बघा, बघा!"

"पाउच सांभाळ."

"चिवडा संपला. त्यांनी खाल्ला."

"जपानी हरणांना चिवडा? आणि त्यांना काही झालं म्हणजे?"

"मी दिला नाही हो. त्यांनी पाउचमध्ये तोंड घातलं. झेरॉक्सपण खाल्ल्या."

हारुको पाठीमागून हरणांना हाकलत होती. तिच्या हातातला नकाशा अर्धा झाला होता.

पुढे देवस्थान लागलं. दगडी दिव्यांची लांबच लांब रांग. हारुको सांगत होती, ललिताबाई ऐकत होत्या, आणि तायड्यांना राहवत नव्हतं.

"ललिता, इथे नुसतं बघायचं हं. हात जोडायचे नाहीत. आपल्या बावीस प्रतिज्ञा आहेत."

"मी निघायच्या आधी पुन्हा वाचल्या. जपानी देवांबद्दल त्यांत एक अक्षर नाही."

"पण त्यामागचा विचार..."

"अहो, मघाशी मी हरणाला नमस्कार केला, तेव्हा कुठे होता विचार?"

तायडे घड्याळाकडे बघत बसले. ललिताबाई प्रत्येक दिव्यापाशी थांबत होत्या. ही बाई रस्त्यात थांबते, हे त्यांना माहीत नव्हतं. थांबायची सोय त्यांनी कधी ठेवलीच नव्हती.

शेवटी त्या मोठ्या मंदिरात शिरल्या तेव्हा फोनमधून टुणकन आवाज आला. मग दुसरा. मग तिसरा. आठ वाजले होते. रोजच्या मीटिंगला माणसं येऊ लागली.

"सलाम साहब," मशीन चालवणारे अलीमियाँ म्हणाले. मग त्यांना पडद्यावर आभाळाएवढं लाकडी छप्पर आणि माणसाच्या कवेत न मावणारे खांब दिसले. "ये कौन सा प्लांट है?"

"प्लांट नहीं है," तायडे घाईघाईने म्हणाले. "आज मीटिंग कॅन्सल. सब लोग बाहर जाओ."

पाठोपाठ स्टोअरचे ओमप्रकाश आले. "माशाल्ला, भाभीजी! आप जापान में?"

"हो! म्हणजे, हाँ भैया! देखिए, कितना बड़ा है!"

हारुकोने फोनमध्ये डोकावून पाहिलं. एका गिऱ्हाइकाची तेरा गिऱ्हाइकं झाली होती. हेल्मेटवाली. ती डगमगली नाही. तिने सगळ्यांना वाकून नमस्कार केला. तेरा हेल्मेटं वाकली. मग कोणीच बाहेर जाईना.

थोड्या वेळात तपासणीला मुस्तफा येणार होता. ओमानी माणूस, वेळेचा पक्का. त्याच्या आत वंदना व्हायला हवी होती.

"ललिता, मूर्तीपुढे चल. आटप."

पण ललिताबाई एका खांबाशी थांबल्या होत्या. खांबाच्या बुंध्याला आरपार भोक होतं. शाळेची पोरं एकामागून एक त्यातून सरपटत पलीकडे निघत होती.

"हारुको म्हणते, यातून पलीकडे गेलं की पुढच्या जन्मी ज्ञान मिळतं."

"आपण पुढचा जन्म मानत नाही!"

"जन्म मानत नाही म्हणून भोकसुद्धा मानायचं नाही का?"

असं म्हणून त्यांनी फोन हारुकोच्या हातात दिला, ओढणी कमरेला खोचली आणि आत डोकं घातलं.

कारखान्यात सगळे पडद्याजवळ सरकले. सगळे तज्ज्ञ होते. भोकातून वस्तू बाहेर काढणं हाच तर सगळ्यांचा धंदा.

"तीन सौ पंद्रह एमएम का होगा," अलीमियाँ डोळे बारीक करून म्हणाले.

"तीन सौ पचपन," ओमप्रकाश म्हणाले. "भाभीजी आराम से निकलेंगी."

ललिताबाई अर्ध्यावर थांबल्या. पलीकडून दोन हात आणि डोकं दिसत होतं. अलीकडून दोन पाय. मधलं काही पुढे सरकत नव्हतं.

मग जो गोंधळ झाला तो झाला. एक म्हणाला, मागून ढकला. दुसरा म्हणाला, ढकलू नका, पुढून ओढा. तिसरा म्हणाला, तेल लावा. "टेम्परेचर बढ़ाओ," हे कोण बोललं ते शेवटपर्यंत कळलं नाही. पलीकडे शाळेची पोरं टाळ्या वाजवायला लागली. तायडे फोनवर ओणवे होऊन "श्वास सोड, श्वास सोड" असं ओरडत होते आणि स्वतःचाच श्वास सोडत होते.

"गप्प बसा सगळे!" खांबातून आवाज आला. "चुप! एकदम चुप!"

रुसैल गप्प झालं.

"अहो, तुमचा पाउच अडकलाय. मी अडकले नाहीये."

टक्कन बक्कल सुटल्याचा आवाज आला. ललिताबाई लोणी सरकावं तशा पलीकडे निघाल्या, केस विस्कटलेले, गाल लाल. पाउच आत राहिला. पुढच्या पोराने तो डोक्याने ढकलत बाहेर आणला. कारखान्यात जल्लोष झाला. तायडे मात्र बायकोच्या तोंडाकडे बघत राहिले. असं तोंड त्यांनी लग्नानंतर पाहिलं नव्हतं. हिला आपण किती वर्षं कमरेला बांधून ठेवलं, असं काहीतरी त्यांच्या मनात येऊन गेलं.

मग त्या मूर्तीपुढे उभ्या राहिल्या. हारुकोने फोन उंच धरला. कॅलेंडरमधला बुद्ध तायड्यांसमोर होता. कॅलेंडरमध्ये तो एवढा मोठा नव्हता.

तायड्यांनी हेल्मेट काढलं आणि हात जोडले.

"अहो," ललिताबाई हळू आवाजात म्हणाल्या. "बूट."

तायड्यांनी खाली पाहिलं.

"तिथे सगळे बूट घालूनच उभे आहेत, दिसतंय मला," ते म्हणाले.

"सगळ्यांचं सगळ्यांपाशी. मी काढलेत."

लॅबच्या भिंतीवर 'बूट काढू नयेत' अशी पाटी होती. तायड्यांनीच लिहिलेली. तेरा माणसं बघत होती. त्यातल्या निदान आठ जणांनी गेटपाशी उभं राहून नियम वाचलेले होते. बूट काढावे तर आयुष्यभराचा रुबाब गेला. न काढावे तर इतक्या वर्षांनी पाळलेला शब्द बुटासकट पाळल्यासारखा.

"साहब," अलीमियाँ दबक्या आवाजात म्हणाले, "हम लोग कॅमेरा बंद कर दें?"

"नहीं," तायडे म्हणाले. "रहने दो."

ते खाली बसले. नाड्यांना दुहेरी गाठ होती. दुहेरी गाठीचा नियम त्यांचाच. ती सुटता सुटेना. तेरा माणसं थांबली. नारा थांबलं. अखेर उजवा बूट निघाला, मग डावा. एका मोज्याला अंगठ्याशी भोक होतं. कोणी हसलं नाही.

दोघांनी त्रिसरण म्हटलं, पंचशील म्हटलं. तिच्या आवाजामागे जपानी पोरांची कुजबुज होती, त्याच्या आवाजामागे मशीनची घरघर. आवाज थोडा पुढेमागे पोचत होता, म्हणून एक ओळ ती पुढे, एक ओळ तो मागे. भुसावळलाही घरात असंच व्हायचं.

पंचशील चालू असतानाच लॅबचं दार उघडलं. दारात मुस्तफा. पांढरा पायघोळ डिशडाशा, त्याखाली चकचकीत सेफ्टी बूट. त्याने पाटी पाहिली. मोजे पाहिले. फोनमधला बुद्ध पाहिला. मग एक पाऊल मागे घेतलं आणि आवाज न करता दार ओढून घेतलं.

वंदना संपल्यावर तायड्यांनी घाईने बूट चढवले आणि दार उघडलं. मुस्तफा बाहेर भिंतीला टेकून उभा होता.

"खलास?" त्याने विचारलं.

"खलास. सॉरी, ते..."

"नमाज़ में हम भी निकालता है," मुस्तफा म्हणाला. "यल्ला, चलो, पाइप दिखाओ."

पाइप पास झाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी तायडे गेटवर आले तर सगळी पाळी रांगेत उभी. अलीमियाँ पुढे आले. हातात नियमांचा कागद. चेहरा अतिशय दुःखी.

"साहब, नियम तो नियम है."

तायड्यांनी कागद घेतला. चष्मा लावला. घसा साफ केला. ओमप्रकाशांनी फोन उंच धरला. ओसाकाच्या हॉटेलमधून ललिताबाई बघत होत्या. कमरेला पाउच नव्हता. हारुकोने आज त्यांना बाजार दाखवायचं कबूल केलं होतं, आणि हे त्यांनी नवऱ्याला विचारलं नव्हतं, नुसतं कळवलं होतं.

तायड्यांनी पहिला नियम वाचला. दुसरा वाचला. आवाज खणखणीत होता. तिसऱ्या नियमावर, नाडीच्या दुहेरी गाठीपाशी येताच, फोनमधून आवाज आला.

"अहो!"

"आता काय?"

"खाली बघा. डाव्या पायाची सुटलीय."