निळी फौज आणि रिकामा कोपरा

माझा स्वभाव संशयी आहे हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे कुणी मला पकडायला नको. अठ्ठावीस वर्षं मी वजनमापे निरीक्षक होतो. पारड्याखाली चिकटवलेलं मेण, काट्याला आतून लावलेलं लोहचुंबक, पोखरून हलकं केलेलं किलोचं वजन, हे सगळं इतक्या वेळा पाहिलंय की भाजीवाली नुसती हसून बोलली तरी माझा हात तिचं पारडं उलटं करायला जायचा. बायको म्हणायची, "तुमच्याबरोबर बाजारात येणं म्हणजे धाडीवर निघणं."

बायको गेली त्याला आता दोन वर्षं झाली.

आम्ही ज्यू. कोकणातले, घरात मराठीच बोलणारे. पनवेलमध्ये आमची आता मूठभर घरं उरली आहेत, बाकीची इस्रायलला गेली. माझी मुलगीही तिकडेच असते. बायको शब्बाथ पाळायची. म्हणजे शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवारी संध्याकाळी आकाशात तीन तारे दिसेपर्यंत काम नाही, प्रवास नाही, विजेच्या बटणाला हातसुद्धा लावायचा नाही. मी तिची चेष्टा करायचो. मुद्दाम तिच्यासमोर पंख्याचं बटण खटकन दाबायचो. ती गेल्यावर पहिल्या शुक्रवारी घरात दिवा लावायला कुणी नव्हतं, तेव्हा मी लावला आणि ढसाढसा रडलो. तेव्हापासून शब्बाथ काटेकोर पाळतो. उशिरा सुचलेलं शहाणपण, दुसरं काय.

यात एकच अडचण झाली. शनिवार हा माझ्या मित्राचा आणि माझा खेळाचा दिवस होता.

मित्र सुकापूरचा, आगरी. आजोबा मिठागरावर राबले, वडिलांनी भात पिकवला, आणि आता त्याच शेतावर उभ्या राहिलेल्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर तो आणि वहिनी राहतात. नवीन पनवेलमधल्या माझ्या घरापासून पंधरा मिनिटांची चाल. आमची ओळखही धाडीतच झाली. त्याचं तेव्हा तांदळाचं दुकान होतं. मी पारडं उलटं केलं, काही सापडलं नाही. आठवड्याने पुन्हा गेलो, मग तिसऱ्यांदा गेलो. तिन्ही वेळा काटा चोख. तिसऱ्यांदा त्याने चहा मागवला आणि मी तो लाच समजून प्यायलो नाही. "सायेब, चाय तरी मोजून घ्या," असं तो म्हणाला. तिथपासून आमची मैत्री आहे.

खेळ मुळात मुलांचा. कॉम्प्युटरवर राज्य उभारायचं. गावकऱ्यांकडून लाकूड तोडून घ्यायचं, शेती करवायची, तट बांधायचा, फौज जमवायची आणि शत्रूचं गाव जाळायचं. मुलं मोठी होऊन निघून गेली, खेळ आम्हाला चिकटला. वीस वर्षं आम्ही दोघं एका बाजूला आणि कॉम्प्युटरच्या फौजा समोर, अशी आमची मांडणी. एरवी तो त्याच्या घरून, मी माझ्या घरून खेळायचो; शनिवारी मात्र त्याच्याकडे, शेजारी शेजारी बसून.

मी बटणाला हात लावणं सोडलं तेव्हा वाटलं, संपलं. पण त्यानेच तोड काढली. "तू हात नको लावू," तो म्हणाला, "दोन्ही बाजूंना कॉम्प्युटरलाच खेळू दे. आपन नुसता बघू. निळा तुझा, लाल माझा."

म्हणायला हे सोपं, पण त्या खेळात कुणी माणूस बसल्याशिवाय डाव सुरूच होत नाही. मग मित्र तिसरा खेळाडू म्हणून बसायचा. करडा रंग घ्यायचा, नकाशाच्या एका कोपऱ्यात एक घर, भोवती उंच तट, आणि आत काही करायचं नाही. सगळा नकाशा उघडा ठेवायचा, माऊस, म्हणजे आमच्या भाषेत उंदीर, हातात धरून दृश्य इकडून तिकडे न्यायचं, आणि निळा नि लाल कॉम्प्युटर एकमेकांशी कसे झुंजतात ते आम्ही चहा पीत बघायचं.

शनिवारी मी लिफ्टचं बटण दाबत नाही, म्हणून जिने चढून जातो. बेल वाजवत नाही, म्हणून तो दार उघडं ठेवतो. दाराला अडसर म्हणून दुकानातलं पाच किलोचं जुनं लोखंडी वजन. त्यावर आमच्या खात्याचा शिक्का आहे, बहुतेक मीच मारलेला.

पहिल्या शनिवारी निळा हरला. मी हसलो. दुसऱ्या शनिवारीही हरला. तिसऱ्या शनिवारी डाव मांडताना मी खुर्ची पुढे ओढली. "दोघांची ताकद सारखी आहे ना? दाखव." त्याने दाखवली. दोन्हीकडे 'कठीण'. "जमीन सारखी? लाकूड सारखं?" सगळं सारखं. आणि निळा पुन्हा हरला.

आता माझ्या डोक्यात किडा वळवळायला लागला. कुठेतरी पाणी मुरत होतं. एक तर मी काही करू शकत नव्हतो. उंदीर त्याच्या हातात, माझे हात मांडीवर. दुसरं म्हणजे माझी निळी फौज वेड्यासारखी वागायची. लाल फौज करड्या कोपऱ्याकडे वळली रे वळली, की निळे घोडेस्वार आपलं गाव सोडून तिकडे धावायचे. तटाखाली जाऊन मरायचे. तेवढ्यात लाल फौजेची दुसरी तुकडी माझ्या उघड्या गावात शिरायची. मी ओरडायचो, "अरे मूर्खांनो, तिकडे कुठे चाललात? तिथे काय आहे तुमचं?" मित्र हसायचा. ते हसणंही मला संशयास्पद वाटायला लागलं.

सहाव्या शनिवारी मला पुरावा सापडला. पडद्याच्या कोपऱ्यात एक ओळ चमकून गेली: निळ्याने करड्याला शंभर लाकूड पाठवलं. करडा म्हणजे कोण? हाच, माझ्या शेजारी बसून शेंगदाणे खाणारा. निरीक्षक पहिल्याच वेळी बोलत नाही. पुढच्या शनिवारी मी डोळ्यांत तेल घालून बसलो. पुन्हा शंभर लाकूड, मग दोनशे धान्य. माझ्या उपाशी गावातून त्याच्या रिकाम्या कोपऱ्यात.

खरं सांगायचं तर मला लाकडाचं दुःख नव्हतं. घरी परत येताना मनात भलतंच यायचं. हा मला मुद्दाम हरवतोय. दर आठवड्याला हरलो की कंटाळून मी येणं बंद करीन, असं याला वाटतंय. वहिनींना शनिवारी कुठे जायचं असेल, माझ्यामुळे अडकत असतील. विधुर माणसाला किती दिवस चहा पाजायचा? आठवड्यात मी या एकाच घराचा उंबरा ओलांडत होतो. तोही बंद झाला तर शनिवार कसा काढायचा?

आठव्या शनिवारी निळ्याने तीनशे लाकूड पाठवलं आणि माझा तोल सुटला.

"हात बाजूला घे," मी म्हणालो. "माझं लाकूड चोरतोयस तू. माझी फौज बोलावून घेतोस आणि मारतोस."

"मी काय नाय केला," तो म्हणाला. "मी नुसता बसलोय."

"अठ्ठावीस वर्षं काटे तपासलेत मी! मला शिकवू नकोस. मी शब्बाथला हात लावत नाही, त्याचा फायदा घेतोयस."

बोललो आणि बोलतानाच कळलं की हे बोलायला नको होतं. हा अख्खा खेळ त्याने माझ्या शब्बाथसाठी शोधून काढला होता. स्वयंपाकघरात वहिनींच्या हातातलं भांडं वाजायचं थांबलं. मित्राने डाव बंद केला, उंदीर टेबलाच्या पार पलीकडे सरकवला.

"तीन वेळा माझा काटा तपासलास तू," तो म्हणाला. "तवा तू नोकरी करत होतास, मना राग नाय आला. आज आला."

मी जिने उतरलो.

रविवारी मुलीचा फोन आला. नेहमीसारखंच म्हणाली, "पप्पा, आता या ना इकडे." एरवी मी म्हणायचो, शनिवारी मला काम असतं. त्या दिवशी "बघू," म्हणालो आणि फोन ठेवला.

मग मी माझा कॉम्प्युटर सुरू केला. शोध घ्यायचाच होता. तीच मांडणी केली. मी स्वतः करडा होऊन कोपऱ्यात बसलो, निळा आणि लाल कॉम्प्युटरच्या हवाली केले. उंदीर सोडून दोन्ही हात मांडीवर ठेवले, जसा शनिवारी बसतो तसा. घरात मी एकटा. फसवायला दुसरं कुणी नव्हतं.

अर्ध्या तासात लाल फौज माझ्या कोपऱ्यावर आली आणि निळे घोडेस्वार आपलं गाव उघडं टाकून धावत आले. पाठोपाठ ओळ चमकली: निळ्याने करड्याला शंभर लाकूड पाठवलं.

मी डाव थांबवून मांडणीचा पडदा उघडला. रंग, ताकद, नकाशा, सगळं दर शनिवारी तपासलेलं. शेवटी एक बारीक चौकट होती, कोण कुणाच्या बाजूने आहे त्याचा आकडा. पहिल्या जागी, करड्यासमोर, एक. दुसऱ्या जागी, निळ्यासमोर, एक. तिसऱ्या जागी, लालसमोर, दोन. वीस वर्षं पहिल्या दोन जागा आमच्या दोघांच्या होत्या आणि आम्ही एका बाजूचे होतो. खेळाने ते लक्षात ठेवलं होतं. तो आकडा एक-एक असणं इतकं अंगवळणी पडलेलं, की आठ शनिवार माझी नजर त्यावरून नुसती घसरून गेली, त्याचीही. माझ्या जागेवर कॉम्प्युटर बसला, पण तो मित्राचा साथीदार म्हणूनच बसला. करड्या कोपऱ्यावर हल्ला झाला की त्याला मदत करणं हे त्याचं कामच होतं. लाकूड चोरीला गेलं नव्हतं. माझ्याच बाजूने, मी न सांगता, त्याला दिलं होतं.

पारड्याखालचं मेण सापडलं की मला आयुष्यभर आनंद व्हायचा. त्या दिवशी इतकी लाज वाटली की उठून दोनदा तोंड धुतलं.

फोन करायला हवा होता. हातात घेतला आणि ठेवला. सोमवारी, मंगळवारीही तेच. चूक मान्य करण्याची मला सवय नाही. माझ्या नोकरीत ती नेहमी समोरच्याची असायची. त्याचाही फोन आला नाही. शुक्रवारी दिवा लावला, आणि मग तर फोनला हात लावायचीही सोय उरली नाही.

शनिवारी दुपारी मी निघालो. जिने चढताना दर मजल्यावर थांबत होतो, धाप हे निमित्त. दार बंद असतं तर थाप मारायचा धीर मला झाला नसता, तसाच उतरलो असतो आणि मुलीला येतो म्हणून कळवलं असतं. तिसऱ्या मजल्यावर वळलो. दार उघडं होतं. पाच किलोचं वजन जागेवर होतं.

मित्र कॉम्प्युटरसमोर बसला होता. त्याने मागे पाहिलं नाही. मी उभ्याउभ्याच सगळं सांगून टाकलं. रविवारचा डाव, चौकट, एक-एक. "काटा चोख होता," मी म्हणालो. "माझीच नजर खोटी. माफ कर मला."

त्याने मांडणीचा पडदा उघडून ती चौकट शोधली. मग बाण तिच्यावर नेला. "मंग बदलू का आकडा? निळ्याला येगला करू?"

मी शेजारच्या खुर्चीत बसलो. हात मांडीवरच होते, पण आता निर्णय माझा होता. "राहू दे," मी म्हणालो.

वहिनींनी चहा आणला. साखर जरा कमी होती, आणि ती मुद्दाम कमी घातली असणार असा माझा अजून संशय आहे. प्यायलो. अर्ध्या तासाने लाल फौज त्याच्या तटाला भिडली आणि निळे घोडेस्वार नेहमीसारखे गाव सोडून निघाले, पण वाटेत जंगलात अडकले.

"अरे, पळा की लवकर!" मी खुर्चीतून अर्धा उठून ओरडलो. "तो एकटा आहे तिकडे!"