मायलोची वही

"तू येतूस का न्हाईस, तेवढं सांग की लेका. कापणीच्या मशिनीवर बसायला माणूस बघायचा हाय मला."

"बा, आत्ता कसं सांगू? यादी चारला लागती."

"दरसालचं हाय तुझं. हितं मका वाळतोय आन् तितं यादी लागतीया."

"मग अकरा वर्सं ऱ्हायलोच न्हवं यादीत?"

"ऱ्हायलास की. पाच गावं फिरून. आमचा बैलसुदिक एवढ्या बाजारांत गेला न्हवता." म्हातारा खाकरला. "स्टानेक इचारून गेलाय. यंत्र चांगलं चालवतो. त्याला हो म्हणू का नगं?"

"चारला फोन करतो."

"चारला मी डुकरांत असतो," असं म्हणून म्हाताऱ्यानं फोन ठेवला.

म्हातारा म्हणजे लिओनार्ड हावरानेक. नेब्रास्कातल्या स्लाव्हिन गावात त्याची मका, सोयाबीन आणि मायलोची शेती. मायलो म्हणजे तिकडची ज्वारी. ज्या साली हा पोरगा झाला, त्या साली गारपिटीनं सगळा मका झोपवला आणि मायलोचं तेवढं एक रान तरलं. म्हाताऱ्यानं पाळण्यात तेच नाव ठेवलं. आईला नाव पसंत नव्हतं, पण त्या वर्षीची चूल त्याच पिकावर पेटली होती, मग ती तरी काय बोलणार!

शाळेत पोरं "ए ज्वारी, कणीस आलं का?" म्हणून छळायची. पुढं विद्यापीठाच्या मैदानावर ऐंशी हजार माणसं तेच नाव घेऊन बोंबलायला लागली, तेव्हा छळणाऱ्यातले निम्मे तिथंच घसा बसवून घेत उभे होते.

मायलो अमेरिकन फुटबॉलमधला क्वार्टरबॅक. चेंडू मागं येतो तो ह्याच्या हातात. समोरून दीडदीडशे किलोचे चार गडी ह्याला जमिनीत पेरायला धावत येतात. ते पोचायच्या आत, एक-दोन-तीन म्हणेस्तोवर, चेंडू कुणाला द्यायचा, कुणाला फेकायचा, का सरळ आपणच घेऊन पळायचं, ते ठरवायचं. विद्यापीठात शेवटची दोन वर्षं हे काम मायलोकडं होतं आणि ते त्यानं झकास केलं. शेजारच्या राज्याबरोबर बर्फातला सामना होता. एक बूट चिखलात अडकून राहिला, तसा हा एका मोज्यावर नऊ यार्ड पळाला आणि सामना मारला. अजून गावी गेला की पेट्रोल भरताना माणसं थांबवतात आणि त्या क्षणाला आपण कुठं होतो ते सांगतात. एक जण तर म्हणाला, "मी संडासात होतो रं. आख्ख्या सामन्यात तेवढंच हुकलं."

त्यानंतर व्यावसायिक संघांनी पोरं निवडायचा दिवस आला. आईनं चाळीस माणसांच्या हिशेबानं प्लमच्या कोलाची, म्हणजे मधे गोड सारण भरलेले तिकडचे पाव, भाजल्या होत्या. टीव्हीवर अडीचशेच्या वर नावं वाचली, त्यात मायलो नव्हता. माणसं खाली मान घालून कोलाची खात राहिली. कुणाला काय बोलावं सुचेना, म्हणून जो तो आणखी एक उचलत होता. परातीतली शेवटची संपली आणि फोन वाजला. एका संघाला उन्हाळ्याच्या सरावाला जास्तीचा हात पाहिजे होता.

तेव्हापासून मायलो राखीव.

अकरा वर्षांत सुरुवातीपासून खेळलेले सामने चार. त्यातला एक जिंकला. बाकी सगळे रविवार टोपी घालून, कानाला यंत्र लावून, कडेला उभा. लोकांना वाटतं, उभं राहायचे पैसे मिळतात लेकाला. पण राखीवाचं खरं काम रविवारी नसतंच, ते आठवडाभर असतं. येत्या रविवारी ज्या संघाशी गाठ आहे, त्यांच्या क्वार्टरबॅकचं सोंग घ्यायचं आणि आपल्याच बचाव फळीसमोर उभं राहायचं. बुधवारी मायलो अमक्या शहराचा, पुढच्या बुधवारी तमक्याचा. आपल्याकडच्या बहुरूप्याला जमणार नाहीत अशी सोंगं त्यानं आणली. कोण चेंडू घेताना टाच उचलतो, कोण घाबरला की उजवीकडंच पळतो, कोण खोटी हाक देताना आवाज नाकातून काढतो. आपल्या गड्यांना रविवारी काही नवं दिसता कामा नये, एवढी नक्कल हुबेहूब.

हे सगळं तो वहीत लिहायचा. बाकीच्यांना संघानं टॅब्लेट दिलेत, ह्यालाही दिलाय, पण ह्याची आपली हिरव्या पुठ्ठ्याची वही. गावचा बियाणेवाला गिऱ्हाइकांना फुकट वाटतो, त्यातली एक म्हातारा दरसाल पाठवून देतो. वर कणसाचं चित्र, आत क्वार्टरबॅकांच्या खोडी.

आता हा दिवस. ऑगस्ट संपताना नव्वद माणसांची त्रेपन्न करायची आणि त्यांची यादी चारला लावायची. त्या दिवशी सकाळपासून कुणी कुणाच्या डोळ्याला डोळा देत नाही. हर्शेल नावाचा एक म्हातारा कारकून आहे, त्याला सगळे पोस्टमन म्हणतात. तो येऊन खांद्यावर हात ठेवतो आणि म्हणतो, "कोचनं वर बोलावलंय. वही घेऊन ये." वही म्हणजे संघाचे सगळे डाव लिहिलेली ती. आता डाव टॅब्लेटात गेले, पण शब्द तोच राहिला. वही परत द्यायची, कागदावर सही करायची आणि आपलं चंबूगबाळं उचलायचं. ह्या धंद्यातल्या माणसाला "वही घेऊन ये" ऐकलं की दुसरं काही ऐकावं लागत नाही.

मायलोच्या बायकोनं, कोरीननं, तर नेमच केला होता. नव्या शहरात भाड्याच्या घरात गेलं की स्वयंपाकघराची खोकी यादी लागेपर्यंत फोडायची नाहीत. एक पातेलं, तीन ताटल्या, संपलं. तिच्या आजीचा बिडाचा तवा जूनपासून खोक्यात होता. लेक इथल्या शाळेत रुळली होती, ही तिची तिसरी शाळा. "या वर्षी मला तवा काढायचाय," एवढंच कोरीन सकाळी बोलली होती.

आणि या वर्षी कठीण होतं. ट्रेस डुप्लांटिस नावाचा लुइझियानाचा बावीस वर्षांचा गडी नवा आला होता. हात असा की चेंडू फेकला की शिट्टी वाजावी. पहिल्या क्वार्टरबॅकची जागा पक्की, त्याच्यामागं जागा एक, आणि माणसं दोन. त्यात गंमत अशी की उन्हाळाभर ट्रेसला शिकवलं मायलोनंच.

साडेअकराला मायलो आपल्या कप्प्यासमोर पायाला पट्टी गुंडाळत होता, तेवढ्यात फोन थरथरला. बचाव फळीचे कोच टॉल्बर्ट यांचा निरोप.

"वर ये. वही घेऊन ये."

त्यानं पुन्हा एकदा वाचलं. पट्टीचा वेढा तसाच सुटून खाली लोंबायला लागला. हर्शेलला पाठवायचंही कष्ट घेतलं नाहीत, फोनवरच उरकलं, एवढं त्याच्या मनात आलं.

मग त्यानं बायकोला फोन लावला. "खोकी फोडू नगंस."

पलीकडं नळ वाजत होता. मग तो बंद झाला.

"फोडलीच नव्हती," कोरीन म्हणाली. "तू जेवलास का?"

"न्हाई."

"मग जेवून घे. संघाच्या खर्चानं शेवटचं. आणि घरी रडत येऊ नकोस, हसत पण येऊ नकोस. नुसता ये."

म्हाताऱ्याला फोन लावला. "बा, स्टानेकला नगं म्हण. मी येतो."

डुकरांचा गलका ऐकू येत होता. म्हातारा त्यातच बोलला. "बरं. मका काय कुठं जात न्हाई." मग म्हणाला, "लई खेळलास लेका. आमच्यात कुणी अकरा वर्सं एक काम केलं न्हाई, शेती सोडून."

मायलोनं काळी कचऱ्याची पिशवी घेतली. इथं जाणारा माणूस तीच घेतो, त्यामुळं कुणाला विचारावं लागत नाही. दोन बूट, टोप्या, लेकीनं काढलेलं चित्र, पावडरीचा डबा. मग एकेक जण उठून यायला लागला.

पहिला सेफो. सामोआचा, कणगीएवढा माणूस, ह्याच्याच हातून चेंडू मागं यायचा. त्यानं मायलोला उचलूनच धरलं.

"सोड, बरगड्या मोडशील. म्हातारा मशिनीवर बसवणार हाय मला."

"माझा बाप गेला तेव्हा तू तीन आठवडे रोज माझ्या शेजारी बसून जेवलास," सेफो म्हणाला. "बोलला काही नाहीस. ते बरं केलंस."

"मला बोलायला सुचलं न्हवतं रं."

"तेच म्हणतोय."

कोण म्हणाला, तुझ्या त्या नाकातल्या आवाजामुळं मी डेन्व्हरला चेंडू हिसकावला. कोण म्हणाला, माझ्या बायकोला कळा लागल्या तेव्हा गाडी तू चालवलीस. मायलोला ह्यातलं निम्मं आठवतही नव्हतं. मेल्यावर माणसं जे बोलतात ते त्याला दोन पायांवर उभं राहून ऐकायला मिळत होतं, आणि लाजेनं त्याचे कान तापले होते. आपण चार सामन्यांचे धनी, अशी खंत तो अकरा वर्षं खिशात घेऊन फिरत होता. ती त्या वेळी त्याला कुठं सापडली नाही.

शेवटी ट्रेस आला. तोंड पांढरं. "दादा, माझ्यामुळं..."

"तुझ्यामुळं कसलं? हात चांगला हाय, ह्यात तुझा काय गुन्हा?" मायलोनं पिशवीला गाठ मारली. "एक सांगतो. लांब फेकायच्या आधी तू जीभ बाहेर काढतूस. ती आत ठेव. मी जूनमधीच वहीत लिवलंय. मला दिसलं ते दुसऱ्याला दिसायला किती दिस लागतील?"

ट्रेसनं तोंड घट्ट मिटलं.

वरच्या मजल्यावर टॉल्बर्ट सँडविच खात बसले होते. फेब्रुवारीतच एका विद्यापीठातून आलेला माणूस. टेबलावर कागदांचा ढीग. मायलोनं एका हातानं टॅब्लेट पुढं केला.

"हे काय? वही कुठाय?"

"हीच की."

"ही नाही रे. ती हिरवी. कणीसवाली."

मायलोनं मागच्या खिशातली वही काढून दिली. ही का मागतायत ते त्याला कळेना, पण आता देऊन टाकायची तर सगळंच. टॉल्बर्ट पानं उलटायला लागले, एका बोटाला मोहरी लागलेली.

"कोंबडी नाचलीय का ह्यावर? हा शब्द काय आहे?"

"'खांदा.' डावा खांदा पाडतो त्यो. कोच, सही कुठं करायची?"

"कसली सही?" टॉल्बर्टनं मान वर केली. "आणि कचरा कशाला घेऊन फिरतोयस?"

मायलोनं पिशवीकडं बघितलं. "तुम्हीच लिवलं न्हवं, वही घेऊन ये."

"मग? पहिल्या सामन्याची तयारी करायचीय मला. सगळे म्हणाले, समोरच्या क्वार्टरबॅकच्या खोडी हावरानेकच्या वहीत आहेत. म्हणून मागवली. ह्यात पिशवीचा काय संबंध?"

विद्यापीठात पोरांना 'वही घेऊन ये' म्हणून काढत नाहीत. त्या भल्या माणसाला आपण काय लिहिलं ते ठाऊकच नव्हतं. मायलो खुर्चीत बसला.

"मग मी यादीत हाय?"

"यादी मला काय माहीत? ती मोठ्या साहेबांकडं."

एवढ्यात मोठे साहेबच दारात आले. मुख्य कोच वॉर्डलॉ, सहा फूट उंच, बोलणं गुराख्याचं. "खाली सगळे सुतक धरून बसलेत. सेफो रडतोय. कोण मेलं?"

टॉल्बर्टनं मोहरीच्या बोटानं मायलोकडं दाखवलं आणि काय झालं ते सांगितलं. वॉर्डलॉ आधी हसले. मग त्यांचं हसणं गेलं.

"अकरा वर्षं झाली तुला या धंद्यात," ते म्हणाले. "तुला काढायचं असतं तर मी तुझ्या घरी आलो असतो. कोरीनसमोर बसून सांगितलं असतं. फोनवर चिठ्ठी धाडीन होय रे मी तुला?"

मायलोनं टोपी काढली, परत घातली.

"यादीत आहेस. ट्रेसला आज सोडतोय. दुसऱ्या कुठल्या संघानं उचललं नाही तर तो उद्या आपल्याच सरावाच्या तुकडीत येईल. त्याला आणखी एक वर्ष तूच शिकव. आता ऊठ, दोनला सराव आहे."

"लई उपकार झालं, साहेब."

"माझे कसले? ह्या कणसाचे मान." त्यांनी वहीवर टिचकी मारली.

जिन्यात थांबून मायलोनं कोरीनला फोन केला. "तवा काढ." तिनं दोनदा खरं का विचारलं आणि तिसऱ्यांदा विचारायच्या आत नुसतीच हुंदके द्यायला लागली. मग म्हाताऱ्याला लावला, तर तो मात्र उखडलाच.

"आरं, स्टानेकला मी नगं म्हणून बसलोय! आता कुठल्या तोंडानं जाऊ त्याच्याकडं?"

"आईच्या कोलाची घेऊन जा की."

"त्या मला पुरत न्हाईत," म्हातारा गुरगुरला. फोन ठेवता ठेवता मात्र त्याच्या तोंडून, "चांगलं झालं पोरा," असं निसटलं, आणि निसटलं ते त्यालाही आवडलं नसावं, कारण लगेच तो डुकरांवर ओरडला.

मायलो खाली कप्प्याशी गेला तर ह्याच्या गादीच्या खुर्चीत सेफो बसलेला. ह्याची रबरी चप्पल दुसऱ्याच्या पायात.

"अरे, वीस मिनिटं झाली मला जाऊन!"

"मला वाटलं गेलास," सेफो डोळे पुसत म्हणाला. खुर्ची सोडायला त्यानं जरा वेळच लावला. मग खोलीत असा काही हशा उसळला की हर्शेल पोस्टमनही दारात येऊन उभा राहिला. त्याचं तोंड दिसताच सगळे एकदम चिडीचूप. तो ओशाळून म्हणाला, "मी पाणी प्यायला आलोय." पण त्याला त्या दिवशी अजून सतरा माणसांना हाक मारायची होती, आणि ते सगळ्यांना ठाऊक होतं.

दोनला ऊन मी म्हणत होतं. पहिल्या सामन्यातला समोरचा क्वार्टरबॅक डावखुरा. मायलोनं त्याच्या आकड्याचा पिवळा बनियन चढवला आणि चेंडू डाव्या हातात घेऊन बघितला. पहिला फेकला तो थेट पाण्याच्या पिंपात.

"हा काय डाव?" बचाव फळीतून कुणीतरी ओरडलं.

"रविवारी कळंल," मायलो म्हणाला. त्यानं डावा खांदा पाडला, त्या माणसासारखी मान हलवली, आणि सेफोच्या मागं जाऊन उभा राहिला.