गास्पारेकाकांची झाकलेली टोपली

आमच्या बल्लारो बाजारात काही झाकून राहील तर शपथ. कोणाच्या सुनेनं सासूशी बोलणं टाकलं, कोणाचा मासा परवाचा आहे, सगळं दुपारच्या आत गल्लीभर होतं. पन्नास वर्षं झाकून राहिली ती एकच गोष्ट, गास्पारेकाकांची टोपली.

वेताची ही एवढी टोपली, तिच्यावर जाड पांढरं फडकं, आणि फडक्याखाली फ्रित्तोला. वासराच्या हाडाला, कूर्चेला चिकटून राहिलेलं, जे खाटकाकडे कोणी मागत नाही, ते काका पहाटे उकडतात, चरबीत परततात, तमालपत्र आणि मिरी घालतात. विकायची रीत अशी की फडकं उचलायचं नाही. काका आत हात घालतात, चाचपतात, मूठभर काढून कागदावर ठेवतात आणि वर लिंबू पिळतात. आत काय आहे ते गिऱ्हाईक बघत नाही आणि विचारतही नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची. ज्याला चौकशाच करायच्या असतील त्यानं पलीकडे जाऊन सफरचंद खावं.

मी मिम्मा. काकांच्या कोपऱ्याला लागून माझी पानेल्लेची गाडी आहे. हरभऱ्याच्या पिठाच्या वड्या तळायच्या आणि पावात घालून द्यायच्या, तीस वर्षं हेच करतेय. माझं तोंड फटकळ आहे हे आधीच सांगते, म्हणजे मागाहून तक्रार नको. नवरा गेला तेव्हा मी गाडी विकायला काढली होती. घ्यायला माणूस आला, तर काकांनी त्याला परस्पर हाकलून दिलं आणि मला म्हणाले, "उद्या कढई ठेव. रडायचं असेल तर तळता तळता रड." महिनाभर मी रडत रडत वड्या तळल्या आणि मग कधीतरी रडायची थांबले. त्या माणसाचे उपकार विसरले तर मला अन्न गोड लागणार नाही.

तर मार्चमधली गोष्ट. संत जोसेफचा सण होऊन गेला होता. काका सकाळी आले आणि खिळ्याला टांगलेल्या माझ्या ॲप्रनला म्हणाले, "काय मिम्मा, आज तोंडाचा पट्टा बंद कसा?"

मी मागून म्हटलं, "त्याला तोंड नाही म्हणून. मी इकडे आहे."

मला वाटलं थट्टा चाललीय. पण ते हसले नाहीत. आवाजाच्या रोखानं माझ्याजवळ आले, गाडीची कड धरली आणि हळूच म्हणाले, "डाव्या डोळ्यानं काही दिसत नाही गं. उजव्यानं नळीतून बघावं तेवढंच दिसतं."

"मग डॉक्टरकडे चला. आत्ता. कढई उतरवते."

"डॉक्टरकडे गेलो की ओलिव्हाला कळेल. तिला कळलं की ती मला तोरिनोला नेईल."

ओलिव्हा त्यांची एकुलती एक मुलगी. तिकडे उत्तरेला शाळेत शिकवते, चौथ्या मजल्यावर राहते. एका नाताळात काका तिच्याकडे बारा दिवस राहून आले होते. बारा दिवस कोट घालून खिडकीत बसले होते, परत आले तेव्हा निम्मे झाले होते.

"मुलगी लाखात एक आहे," काका म्हणाले. "पण इथून उठलो की मी संपलो, मिम्मा. तिला सांगणार नाहीस अशी शपथ घे."

मी घेतली. माझ्या मेलेल्या नवऱ्याची शपथ घेतली. त्यांनी माझी गाडी वाचवली होती, मी त्यांचा कोपरा वाचवणार होते. माझ्या डोक्यात हिशेब इतका सोपा होता.

एकटीला झेपणारं काम नव्हतं, म्हणून दोघा-तिघांना सांगावं लागलं, म्हणजे पर्यायानं सगळ्या बाजाराला. पण बाजारानं तोंड उघडलं नाही. काकांच्या वाटेवरची खोकी सगळ्यांनी आपणहून मागे सरकवली. मासेवाला बास्तियानो त्याच्या बर्फाचं पाणी उलट्या बाजूला सोडायला लागला. त्याची बायको काकांचा डबा धाडायची. संध्याकाळी मी त्यांचा हात धरून घरी पोचवायची, तर वरच्या गॅलरीतून बायका ओरडायच्या, "मिम्मा, लग्नाला बोलाव गं." मी म्हणायची, "तुला वाढायला बोलावते."

आणि धंदा? त्यांचं काम आधीपासूनच बिनडोळ्यांचं होतं. फडक्याखाली कोणता तुकडा मऊ, कोणता कुरकुरीत, हे हातालाच ठाऊक. एकदा एका परदेशी पाहुण्यानं गुपचूप फडक्याचं टोक उचललं. काकांनी न बघता त्याच्या मनगटावर अशी चापट दिली की तो शाळेतल्या पोरासारखा हात मागे घेऊन उभा राहिला.

हे पाहुणे आणायची निन्फा. मसालेवाल्याची नात, सव्वीस वर्षांची पोरगी. परदेशातून आलेल्यांना बाजारातून पायी फिरवायचं, इथे एक घास, तिथे एक घास खायला घालायचा, हा तिचा उद्योग. सुरुवातीला मी तिला नाही नाही ते बोलले. सहा जण मिळून एक वडी खाणार आणि साठ फोटो काढणार, ही कसली गिऱ्हाइकं? पण बाजारातली म्हातारी गिऱ्हाइकं एकेक करून देवाघरी चालली होती आणि त्यांच्या नातवंडांना फ्रित्तोलाचा वास नको होता. निन्फा रोज अकराला माणसं आणायची म्हणून काकांची टोपली रिकामी व्हायची. काकांच्या डोळ्यांचं तिला कोणी सांगितलं नव्हतं, तिनं स्वतःच ओळखलं. एक दिवस तिनं पाहुण्यांना नवा नियम सांगितला. सगळ्यांनी एका रांगेत यायचं आणि टोपलीच्या कडेवर तळहात उताणा ठेवायचा. पाहुण्यांना वाटलं, हीच इथली रीत. ह्या पोरीला मी पुन्हा कधी वाकडं बोलले नाही.

उरला फोन. ओलिव्हा दर रविवारी फोन करायची आणि आधी फोटो धाडायची. फोटो मी बघायचा, काकांना सांगायचा, मग काकांनी फोनवर म्हणायचं, "केस छान कापलेस हं." सहा-सात महिने आम्ही तिच्या डोळ्यांत अशी धूळ फेकली. मग एका रविवारी माझ्याकडे गर्दी होती, तेल धुरावलं होतं. फोटो आला, मी उडत उडत बघितला आणि म्हटलं, "निळा कोट घातलाय, झकास दिसतेय." काकांनी तसंच सांगितलं. तर तो कोट दुकानातल्या हँगरवर होता, त्यात ओलिव्हा नव्हतीच. घेऊ का, म्हणून तिनं विचारलं होतं. पलीकडून ती नुसतं "बरं" म्हणाली. त्यानंतर तिनं एकही फोटो पाठवला नाही, आणि मी बावळट खूश झाले की चला, एक काम कमी झालं.

नोव्हेंबरात निन्फा नऊ पाहुणे घेऊन आली. त्यात टोपी, काळा चष्मा आणि नाकापर्यंत मफलर गुंडाळलेली एक बाई होती. मी तिला ओळखलं नाही, खोटं कशाला बोलू. पुढे तिनंच सांगितलं, मैत्रिणीच्या नावानं पैसे भरून ती त्या फेरीत आली होती. सरळ मुलगी म्हणून आली असती तर ती कोपऱ्यावर पोचायच्या आत अख्ख्या बाजारानं तिच्यासाठी नाटक उभं केलं असतं. पाहुण्यापुढे कोण नाटक करतं? बापाला आहे तसं बघायचं तर तिला परकं होऊन यावं लागलं.

काका एकेकाच्या तळहातावर कागद ठेवत होते. एकदाही चुकले नाहीत. त्या बाईची पाळी आली. तिनं हात पुढे केला आणि नकळत टोपलीच्या वेतावर बोटाच्या पेरानं ठोकलं. टक, टक, टक.

इथली माणसं दोनदा ठोकतात. तळातलं गरम द्या, असा त्याचा अर्थ. पाहुण्यांना हे ठाऊक नसतं, निन्फाही सांगत नाही. आणि तीनदा ठोकणारी ह्या बाजारात एकच होती. लहानपणी ओलिव्हा शाळेतून येताना आईच्या वाटचंही मागायची, तेव्हा तिसरी टकटक आईची असायची.

काकांचा हात फडक्याखाली थांबला. मग त्यांनी खूप खोल हात घातला, दोन मुठी काढल्या, दोन कागद केले आणि तिच्या हातावर ठेवले. पुढचा पाहुणा एक उंचनिंच डच गृहस्थ होता. त्याला जागा द्यायला बाई तीन पावलं बाजूला झाली. काकांना ते कळलं नाही. त्यांनी दोन्ही हात पसरले, तोंडभर हसले आणि त्या डच माणसाला म्हणाले, "आलीस होय गं? किती बारीक झालीस."

त्या सज्जनाला वाटलं, हाही फेरीतलाच भाग. त्यानं वाकून काकांना घट्ट मिठी मारली. बाकीच्यांनी टाळ्या वाजवल्या. आणि ती बाई दोन कागद हातात घेऊन बाजूला उभी राहून बघत होती.

तिनं चष्मा काढला तेव्हा माझ्या हातातला झारा कढईत पडला. निन्फा हुशार. एका शब्दात तिनं पाहुण्यांना पुढच्या गल्लीत वळवलं.

"बाबा, मी इथे आहे," ओलिव्हा म्हणाली.

काका आवाजाकडे वळले. "गर्दी होती गं. चुकलं."

"मी तीन पावलांवर होते, बाबा."

 काकांचे हात अजून अर्धे पसरलेलेच होते. मला ते बघवेना. मी म्हटलं, "ओरडायचं तर मला ओरड. मार्चपासून माहीत आहे मला. तुझे फोटो मीच वाचायची. कोटाचा घोळ माझाच."

"आठ महिने?" ती म्हणाली. मग एकेक विचारत गेली. घरी कोण पोचवतं, जेवणाचं कोण बघतं, जिन्यावर कधी पडले का. मी सगळं सांगितलं. आता ही माझी सालटी काढणार म्हणून मी कंबर कसून उभी होते. मलाही उत्तरं येतात. पण ती गाडीला वळसा घालून आली, तिनं माझे तेलकट हात धरले आणि म्हणाली, "मावशी, मी नव्हते तिथे तुम्ही होतात. देव तुमचं भलं करो."

भांडणाची तयारी केलेल्या बाईला असं काही बोलू नये. तिला काय करावं ते सुचत नाही.

बापलेकीचं काय बोलणं झालं ते मी विचारलं नाही. काका इथेच राहणार एवढं ठरलं. रविवारी खोटं बोलायचं नाही आणि दर तीन महिन्यांनी डोळे तपासायचे, ही तिची अट. दुसऱ्या दिवशी ती त्यांना डॉक्टरकडे घेऊन गेली. परत आल्यावर मला म्हणाली, "काचबिंदू आहे. गेलेलं परत येत नाही, पण थेंब घातले तर उरलेलं टिकेल." मी चार संतांची नावं घेतली आणि सगळ्यांना मेणबत्त्या कबूल केल्या.

उरलेलं काकांनी संध्याकाळी सांगितलं. ओलिव्हा घरी सामान भरत होती, मी त्यांचा हात धरून चालले होते. "तुला सांगू नका म्हणून तिनं बजावलंय," ते म्हणाले. "पण आता लपवाछपवी नको. मार्चमध्ये गेलो असतो तर उजवा डोळा बराचसा वाचला असता, असं डॉक्टर म्हणाले."

मी भर रस्त्यात थांबले. खोकी सरकवली, डबे दिले, फोटो वाचले, सगळ्यांनी वाहवा केली, आणि त्याच आठ महिन्यांत त्यांचा डोळा रोज थोडा थोडा विझत होता. मी म्हटलं, "मी तुम्हाला फरफटत न्यायला हवं होतं."

"शपथ मी घातली होती," काका म्हणाले. "दोष घ्यायचा तर थोडा घे. मी वयानं मोठा, मोठा वाटा माझा. आता चल, गॅलरीतल्या बायका बघताहेत."

दुसऱ्या दिवशी सकाळी विमानाला जायच्या आधी ओलिव्हा माझ्या गाडीशी आली. तिच्या हातात दोन छोट्या बाटल्या होत्या. सकाळी सातला आणि संध्याकाळी सातला, दोन थेंबांमध्ये पाच मिनिटं सोडायची, एक दिवसही चुकवायचा नाही, असं तिनं मला दोनदा समजावलं.

"तुझ्या बाबांनी मला सगळं सांगितलंय," मी म्हटलं. "मार्चचं. तरी ह्या माझ्या हातात देतेस?"

"तुम्ही त्यांना शब्द दिला होता, आणि मी मुलगी असूनसुद्धा माझ्यापुढे तो मोडला नाहीत," ती म्हणाली. "आता एक शब्द मला द्या."

मी दिला. मग हात साबणानं दोनदा धुतले, काकांना स्टुलावर बसवलं, आणि खालची पापणी कशी ओढायची ते तिनं मला शिकवलं.