आसगावच्या भिंतीवरचा डोंगर

फौजेतून परत आल्यावर मी पुन्हा ब्रश धरला, पण मारुतीशी माझं भांडण होतं. लक्ष्मणासाठी त्यानं अख्खा डोंगर उचलून आणला. मग सीमेवरच्या लढाईत माझा साथीदार दिवसभर माझ्या मांडीवर औषधाची वाट पाहून गेला, तेव्हा हा कुठं होता? राग माझ्या नाकावरच असतो. तरीही आसगावच्या मारुतीच्या देवळाची भिंत रंगवायचं काम मी घेतलं. दुसरं काही येतंय कुठं मला.

द्रोणागिरी चार दिवसांत उभा केला. करडे सुळके, भेगा, बर्फ. लोक वाहवा करत होते. देवाचे डोळे मात्र रिवाजाप्रमाणे शेवटी काढायचे, आणि तिथं ब्रश नेला की मी तो मागे घ्यायचो. हनुमान जयंती तर उद्यावर आली होती. बिनडोळ्यांच्या देवापुढं गाव हात कसे जोडणार, या काळजीनं मी रडकुंडीला आलो होतो.

त्या दुपारी परांचीवरच माझा डोळा लागत होता. देवळापुढच्या तळ्यावरून ओलसर वारा येत होता, पाण्याचा उजेड भिंतीवर हलत होता, आणि त्याबरोबर डोंगरही तरंगतोय असं वाटत होतं. त्या उजेडात एक ढिवरीण उभी दिसली, डोक्यावर मासोळ्यांची टोपली, लुगडं गुडघ्यापर्यंत ओलं.

"काहून गा, याच्यावर झाडपालाच नाही? दवा कोठून भेटन?"

"मी सीमेवर पाहिलेल्या डोंगरावर नव्हता," मी तुसडेपणानं म्हणालो.

"तू पायलेला राहू दे. माहा माणूस दवाखान्यात पडला हाये. मले हिरवा डोंगर पायजे."

औषध आणायला गेलेल्या देवाच्या हातावर मी नुसता दगड ठेवला होता. ती पायरीवर टेकली. गुळवेल, अडुळसा, माका अशी एकेक नावं सांगत गेली आणि मी झोपेत असल्यासारखा काढत गेलो. हिरवा रंग लावताना साथीदारासाठी मला पहिल्यांदाच रडू आलं. तिनं पाहिलं आणि पुढचं नाव सांगितलं. ऊन कललं तेव्हा मी मारुतीचे डोळे काढले. ब्रश मागे घेतला नाही. वळून पाहिलं तर ती निघून गेली होती.

ती कोण, तिचा माणूस बरा झाला का, मला ठाऊक नाही. माझा साथीदार गेला, ते दुःखही आहे तिथंच आहे. पण औषध का पोचलं नाही म्हणून इतकी वर्षं जाब मागणाऱ्या माझ्याच हातून मारुतीनं एका बाईपर्यंत डोंगर पोचवला. ही त्याची कृपाच. आता त्या भिंतीपुढं गेलो की मी काही विचारत नाही. तिच्या माणसासाठी हात जोडतो.